व्यापारी तारेची सांकेतिक भाषा

व्यापारी तारसंकेत म्हणजे लांबलचक व्यावसायिक मजकुराच्या जागी ठरलेला एखादा शब्द, अक्षरांचा गट किंवा आकडा तारेने पाठवण्याची पद्धत. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत, सुमारे शंभर वर्षे, दूरदेशीचा व्यापार बव्हंशी याच भाषेत चालला. कापसाची मागणी, जहाजाचे भाडे, हुंडीची मुदत, विम्याची रक्कम हे सारे पाच-दहा अक्षरांत बसवले जाई. पाठवणाऱ्याकडे आणि घेणाऱ्याकडे एकच पुस्तक असे. मधल्या तारमास्तरांना त्या अक्षरांचा अर्थ कळत नसे आणि कळण्याची गरजही नसे. पद्धत जितकी स्वस्त, तितकीच धोक्याची होती. नेहमीच्या वाक्यात एखादे अक्षर चुकले तर वाचणारा ते मनातल्या मनात दुरुस्त करून घेतो, कारण आजूबाजूचे शब्द त्याला आधार देतात. संकेतात हा आधार पैसे वाचवण्यासाठी काढून टाकलेला असतो. तारसंकेतांचा पुढचा इतिहास हा काढून टाकलेला आधार थोडा थोडा परत मिळवण्याचा इतिहास आहे.

सौदा खुणांनी करण्याची रीत व्यापाराइतकीच जुनी. महाराष्ट्रातल्या बैलबाजारात रुमालाखाली बोटे दाबून भाव ठरवतात, तोही संकेतच. पण तिथे दोन्ही माणसे समोरासमोर असतात आणि शंका आली तर पुन्हा हात दाबता येतो. अंतर वाढले की खुणेला पुस्तक लागते. अशी पुस्तके विजेच्या तारेच्या आधीच तयार झाली होती. फ्रान्समध्ये क्लोद शाप याने 1794 मध्ये पॅरिस ते लील या मार्गावर मनोऱ्यांची रांग उभी केली. मनोऱ्यावरच्या लाकडी हातांच्या वेगवेगळ्या स्थिती दुर्बिणीतून पाहून पुढच्या मनोऱ्यावर तशाच उमटवल्या जात. लगेच पुढच्या वर्षी शापच्या मंडळींनी एक संकेतसूची तयार केली. तिची पाने 92 आणि प्रत्येक पानावर शब्द 92. पहिली खूण पानाचा क्रमांक सांगे, दुसरी त्या पानावरची ओळ. एवढ्या दोन खुणांत 8464 शब्दांतला कोणताही एक पोचत असे. मनोऱ्यावरच्या माणसांना ही सूची दाखवली जात नसे. त्यांनी फक्त दिसले ते पुढे द्यायचे.

समुद्रावर हेच काम झेंड्यांनी होई. ब्रिटिश नौदलातला अधिकारी होम पॉपम याने शब्दांना क्रमांक देऊन जे पुस्तक रचले, त्याचा सर्वांत गाजलेला उपयोग 21 ऑक्टोबर 1805 रोजी ट्रफाल्गरच्या लढाईपूर्वी झाला. इंग्लंड प्रत्येकाकडून कर्तव्याची अपेक्षा करते, हा ब्रिटिश नौसेनापती नेल्सनचा संदेश 253, 269, 863, 261, 471, 958, 220, 370 असे आकडे चढवून दाखवला गेला. शेवटचा ‘ड्यूटी’ हा शब्द पुस्तकात नव्हता, म्हणून 4, 21, 19, 24 अशी त्याची अक्षरे एकेक करून द्यावी लागली. नेल्सनला आधी ‘अपेक्षा’च्या जागी ‘खात्री’ या अर्थाचा शब्द हवा होता. तो पुस्तकात नव्हता आणि अक्षरे जोडायला वेळ नव्हता. संकेताधिकारी जॉन पास्को याने पुस्तकातला जवळचा शब्द सुचवला आणि नेल्सनने तो मान्य केला. संकेतपुस्तक संदेश नुसता पोचवत नाही, तो काय असावा हेही काही अंशी ठरवते. पुढे व्यापारी तारांमध्ये हेच रोज घडू लागले. मनात असलेल्या वाक्याऐवजी पुस्तकात असलेले वाक्य जाऊ लागले.

सॅम्युअल मोर्सची वॉशिंग्टन ते बाल्टिमोर ही तार 1844 च्या मे महिन्यात सुरू झाली. दुसऱ्याच वर्षी मोर्सचा भागीदार आणि वकील फ्रान्सिस ओ. जे. स्मिथ याने तारेसाठी शब्दसंग्रह छापला. त्यात प्रत्येक अक्षराखालच्या शब्दांना एकपासून क्रमांक दिलेले होते, त्यामुळे संदेश म्हणजे एक अक्षर आणि त्यापुढे आकडा अशा जोड्यांची माळ होई. गुप्तता हा त्याचा मुख्य हेतू होता. तारेचा मजकूर अनेक परक्या माणसांच्या हातांतून जातो, ही भीती त्या काळी मोठी होती. इंग्लंडमध्ये 1870 मध्ये तारा सरकारी टपालखात्याकडे गेल्या, त्याच वर्षी रॉबर्ट स्लेटरचे आकडी संकेतांचे पुस्तक बाजारात आले, तेही गुप्ततेचे आश्वासन देतच. त्यातल्या शब्दांना पाच आकडी क्रमांक होते. दोन्ही बाजूंनी आधी ठरवलेली एखादी संख्या त्या क्रमांकात मिळवायची किंवा त्यातून वजा करायची, म्हणजे पुस्तक जवळ असलेल्या तिऱ्हाइतालाही अर्थ लागत नसे.

संकेत सर्वत्र पसरले ते मात्र खर्चामुळे. 1855 मध्ये हिंदुस्थानात तार सर्वसामान्यांसाठी खुली झाली, तेव्हा पत्ता धरून 16 शब्दांना दर 400 मैलांमागे एक रुपया असा आकार होता. देशातल्या देशात हा दर व्यापाऱ्याला परवडे. समुद्रापार गोष्ट निराळी होती. 1865 मध्ये इराणच्या आखातातल्या केबलने कराची युरोपशी जोडली गेली आणि लंडनहून येणाऱ्या 20 शब्दांच्या तारेला पाच पौंड पडू लागले. 1866 मध्ये अटलांटिकखालची केबल चालू झाली, तिचा सुरुवातीचा किमान आकार 20 पौंड होता. अशा दरात सौजन्याचा एकही शब्द कोणी लिहिणार नव्हते. आखाती मार्गावर आणखी एक अडचण होती. तुर्कस्तान आणि इराणच्या हद्दीत तार इंग्रजी न जाणणाऱ्या कारकुनांच्या हातांतून जाई आणि पोचेपर्यंत तिची अनेकदा दुर्दशा होई.

मुंबईला या मार्गाची निकड सर्वांत जास्त होती. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात, 1861 ते 1865 या वर्षांत, लँकेशायरच्या गिरण्यांचा अमेरिकन कापूस तुटला आणि वऱ्हाड, खानदेश, गुजरातचा कापूस सोन्याच्या भावाने गेला. मुंबईत पैशाचा पूर आला, शेकड्यांनी कंपन्या निघाल्या. युद्ध संपल्याची बातमी आली तसे भाव कोसळले आणि 1865 च्या जुलैमध्ये वायद्यांचे हिशेब चुकते करण्याची वेळ आली तेव्हा भल्याभल्या पेढ्या बुडाल्या. लिव्हरपूलचा भाव आपल्याआधी शेजाऱ्याला कळणे म्हणजे काय, हे मुंबईच्या कापूसबाजाराला त्या वर्षी चांगलेच कळले. 1870 मध्ये ‘ग्रेट ईस्टर्न’ या अवाढव्य जहाजाने मुंबई ते एडन केबल टाकली आणि जून महिन्यात सुएझमार्गे मुंबई थेट लंडनशी बोलू लागली. या मार्गावर सर्वत्र इंग्रजी जाणणारे तारमास्तर होते. महिनाभराच्या टपालाचे काम काही तासांवर आले. आता प्रश्न उरला तो एवढाच की एका शब्दात किती मजकूर भरता येईल.

त्याचे उत्तर देणारे, कोणालाही दुकानातून विकत घेता येणारे पहिले मोठे पुस्तक म्हणजे विल्यम क्लॉसन-थ्यू याचा ‘ए.बी.सी. कोड’. तो 1873 च्या सुमारास निघाला. त्याच्या आवृत्त्यांमागून आवृत्त्या निघाल्या आणि 1901 ची पाचवी आवृत्ती जगभरच्या पेढ्यांवर पोचली. अशा पुस्तकाचे पान दोन रकान्यांचे असे. डावीकडे वर्णानुक्रमाने संकेतशब्द, उजवीकडे त्याचा अर्थ. अर्थ म्हणजे बहुधा संपूर्ण वाक्य: माल अमुक जहाजावर चढवला, तुमचा भाव मान्य नाही, उत्तर येईपर्यंत काही करू नका. वाक्यांत जागोजाग रिकाम्या जागा असत आणि त्या भरण्यासाठी पुस्तकाच्या शेवटी भावांचे, वजनांचे, तारखांचे, बंदरांचे वेगळे तक्ते. कापूस, साखर, विमा, खाणी अशा एकेका धंद्याची स्वतंत्र पुस्तकेही निघाली. 1880 च्या दशकात लंडनमध्ये घरगुती निरोपांसाठीही एक पुस्तक छापले गेले. त्याचे नाव होते ‘युनिकोड’.

पेढीवर तार आली की ती संकेत उलगडणाऱ्या कारकुनाकडे जाई. त्याचे काम नुसते शब्द शोधण्याचे नव्हते. आधी त्याला तार कोणत्या पुस्तकातून लिहिली आहे ते ठरवावे लागे. पेढ्यांच्या छापील पत्रांच्या माथ्यावर तारेचा नोंदवलेला एकशब्दी पत्ता असे आणि त्याखाली आपण कोणकोणती पुस्तके वापरतो त्याची यादी, आवृत्तीसकट. तीन पुस्तके वापरणाऱ्या पेढीवर एकाच शब्दाचे तीन अर्थ होऊ शकत. त्यात मोठ्या पेढ्या आपल्या आडत्यांशी खाजगी पुरवणीही ठरवत, म्हणजे चौथा अर्थ. मग रिकाम्या जागांचा प्रश्न येई. शेजारचा शब्द भावाच्या तक्त्यातला की वजनाच्या, हे त्याच्या जागेवरून ओळखायचे. सर्वांत मोठा घोटाळा साध्या शब्दांचा होता. सुरुवातीची पुस्तके खऱ्या, कोशातल्या शब्दांनाच संकेत म्हणून वापरत. त्यामुळे तारेत आलेला इंग्रजी शब्द संकेत आहे की त्याच्या नेहमीच्या अर्थाने आला आहे, हे वाक्यावरून ओळखावे लागे. पण वाक्य तर पैशासाठी आधीच मोडून टाकलेले. जुन्या कारकुनाला मालकाची सवय माहीत असे, बाजाराची हवा माहीत असे, कालची तार आठवत असे. त्याच्या जोरावर तो अर्थ लावी. नवख्याजवळ फक्त पुस्तक असे.

अर्थ लावताना काय होऊ शकते याचे सर्वांत तपशीलवार नोंदले गेलेले उदाहरण अमेरिकेतले आहे. फिलाडेल्फियाचा लोकरीचा व्यापारी फ्रँक प्रिमरोझ याने 1887 च्या जूनमध्ये कॅन्ससमधल्या आपल्या आडत्याला तार केली. दोघांमध्ये खाजगी संकेत ठरलेला होता. ‘डेस्पॉट’ म्हणजे तुमचे पंधरा तारखेचे पत्र मिळाले, ‘बे’ म्हणजे मी खरेदी केली आहे, ‘क्वो’ म्हणजे पाच लाख पौंड. मधले काही शब्द साध्या इंग्रजीत होते. तारेचा अर्थ असा: पत्र मिळाले, मी फार गडबडीत आहे, सर्व प्रकारची मिळून पाच लाख पौंड लोकर मी घेतली आहे, कदाचित त्यातली निम्मी विकलीही आहे, तुम्ही काही केलेत तर कळवा, खरेदीचे नमुने ताबडतोब पाठवा. म्हणजे तार होती माहितीची, हुकमाची नव्हती. वाटेत ‘बे’ या शब्दातल्या ‘ए’ अक्षराचे ‘यू’ झाले. मोर्सच्या लिपीत ‘ए’ म्हणजे एक टिंब आणि एक रेघ, ‘यू’ म्हणजे दोन टिंबे आणि एक रेघ. एका जास्तीच्या टिंबाने ‘बे’चे ‘बाय’ झाले. ‘बाय’ म्हणजे साध्या इंग्रजीत ‘विकत घ्या’. तारेत साधे शब्द होतेच, त्यामुळे आडत्याला संशय येण्याचे कारण नव्हते. सर्व प्रकारची लोकर घ्या, पाच लाख पौंड, असाच त्याने अर्थ केला आणि खरेदीला लागला. त्याच तारेत ‘डेस्पॉट’चेही ‘डिस्ट्रॉय’ झाले होते, पण तोही शब्द त्यांच्या संकेतात होता. त्याचा अर्थ सतरा तारखेचे पत्र मिळाले. चुकलेला शब्द निरर्थक झाला असता तर आडत्याने परत विचारले असते. दोन्ही ठिकाणी तो अर्थपूर्ण राहिला आणि म्हणूनच घात झाला.

प्रिमरोझला वीस हजार डॉलरांहून जास्त खोट आली. तारेसाठी त्याने एक डॉलर पंधरा सेंट भरले होते. वेस्टर्न युनियन या तारकंपनीच्या छापील फॉर्मच्या पाठीवर अट होती की जास्त पैसे भरून तार उलट मागवून पडताळून घेतली नसेल, तर चुकीची जबाबदारी तारेच्या आकारापुरतीच. खटला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. 1894 मध्ये न्यायमूर्ती होरेस ग्रे यांनी दिलेल्या निकालात ही अट वैध ठरली. ज्या मजकुराचा अर्थ कंपनीला कळण्याची सोयच नव्हती, त्यातून किती नुकसान होईल याचा अंदाज कंपनीने बांधावा अशी अपेक्षा करता येत नाही, असाही मुद्दा त्यात होता. निकाल कठोर वाटतो, पण त्यातले तत्त्व योग्य होते. अर्थ झाकून ठेवण्याचा फायदा ज्याने घेतला, पडताळणीचा खर्चही त्यानेच सोसायचा. पुढच्या तीस वर्षांत संकेतकारांनी पुस्तकांत जे बदल केले, त्यामागे अशाच नुकसानींचा अनुभव होता.

तारखात्यांची तक्रार वेगळीच होती. एका शब्दाच्या पैशात व्यापारी दहा शब्दांचा मजकूर पाठवतात आणि शब्दही असे चमत्कारिक की तारमास्तराला ते धड वाचता येत नाहीत. पॅरिसमध्ये 1865 मध्ये स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय तारसंघाने मग नियम करायला सुरुवात केली. 1879 च्या लंडन परिषदेत युरोपबाहेरच्या तारांतला संकेतशब्द दहा अक्षरांहून मोठा नसावा आणि तो इंग्रजी, फ्रेंच, जर्मन, स्पॅनिश, इटालियन, डच, पोर्तुगीज किंवा लॅटिन यांपैकी एखाद्या भाषेतला असावा असे ठरले. व्यापाऱ्यांनी त्यालाही वाट काढली. लॅटिन विभक्तींचे कधी कोणी न वापरलेले प्रत्यय लावून हजारो नवे शब्द तयार झाले. तो लॅटिन शब्द खरा की बनावट, हा वाद तारऑफिसच्या खिडकीवर कारकुनाने कसा सोडवायचा? शेवटी संघाच्या बर्नमधल्या कार्यालयाने मान्य शब्दांची अधिकृत यादीच करायला घेतली. 1894 मध्ये ती छापून आली तेव्हा तिच्यात 2,56,740 शब्द होते. ती सक्तीची झाली असती तर जगातल्या जवळपास सगळ्या पेढ्यांना आपली पुस्तके फेकून द्यावी लागली असती. विरोध एवढा झाला की यादी वाढवण्याचा घाट घातला गेला, आणि अखेर 1903 च्या लंडन परिषदेने ती कल्पनाच सोडली. उच्चारता येईल असा दहा अक्षरांपर्यंतचा कोणताही गट, मग तो शब्द कोणत्या भाषेत असो वा नसो, चालेल असे ठरले.

या एका सवलतीने सगळे बदलले. पाच अक्षरांचे दोन उच्चारयोग्य गट जोडून दहा अक्षरांचा एक शब्द करता येऊ लागला, म्हणजे दोन संकेत एका शब्दाच्या दरात. 1904 च्या ‘व्हाइटलॉ’ संग्रहात पाच अक्षरी गट वीस हजार होते आणि त्यांच्या जोड्यांतून चाळीस कोटी शब्द निघत. अर्नेस्ट बेंटले याने 1906 मध्ये पाच अक्षरी गटांवर उभारलेले आपले वाक्यकोशाचे पुस्तक काढले आणि ते जवळजवळ सर्व धंद्यांत रुळले. खर्च निम्मा झाला. जुना आधारही उरलासुरला गेला, कारण खऱ्या शब्दाचे स्पेलिंग तारमास्तराच्या ओळखीचे असते आणि चूक झाली तर त्याला खटकते. बनावट पाच अक्षरांत खटकण्यासारखे काही नसते.

म्हणून संकेतकारांनी आधार निर्माण करण्याची नवी युक्ती काढली, आणि या सगळ्या इतिहासातला हा सर्वांत बुद्धीचा भाग आहे. पुस्तकातले कोणतेही दोन संकेत किमान दोन अक्षरांनी वेगळे असले पाहिजेत, हा नियम त्यांनी स्वतःवर घालून घेतला. असे केले की एक अक्षर चुकलेला संकेत दुसऱ्या कोणत्याही खऱ्या संकेतासारखा होऊच शकत नाही. तो पुस्तकात सापडतच नाही आणि चूक जागच्या जागी उघडी पडते. प्रिमरोझच्या ‘बे’ आणि ‘बाय’मध्ये फरक एकाच अक्षराचा होता, या नियमाने ते दोन शब्द एका पुस्तकात राहिलेच नसते. काही संकेतकार आणखी पुढे गेले आणि शेजारची दोन अक्षरे उलटसुलट झाल्यावरही खरा संकेत तयार होणार नाही अशी रचना करू लागले, कारण घाईत अक्षरांची अदलाबदल ही तारमास्तरांची नेहमीची चूक होती.

चूक उघडी पडल्यावर दुरुस्तीसाठी पुस्तकात खास तक्ते असत. पाच अक्षरांचा एक गट आला आणि तो पुस्तकात नाही. चूक एकाच अक्षरात आहे असे धरले तर ती पाचांपैकी एका जागी असणार. दोन अक्षरांच्या फरकाच्या नियमामुळे प्रत्येक जागी फार तर एकच अक्षर असे असते की जे बसवल्यावर खरा संकेत तयार होतो. म्हणजे शक्यता जास्तीत जास्त पाच. तक्त्याच्या मदतीने कारकून त्या पाच संकेतांपर्यंत पोचे, त्यांचे अर्थ एकाखाली एक लिही आणि तारेच्या बाकीच्या मजकुराशी कोणता जुळतो ते पाही. चार अर्थ बहुधा हास्यास्पद निघत: कापसाच्या तारेत जहाजाच्या बुडण्याचा, भावाच्या जागी कोणाच्या आजारपणाचा. पाचवा नीट बसे. दोन अर्थ सारखेच बसले तरच पैसे मोजून तार परत मागवायची. एवढा काटेकोर विचार करून अर्थ लावण्याची रीत रोजच्या व्यापारात याआधी क्वचितच आली असेल.

या नियमाची किंमतही मोजावी लागे. इंग्रजीच्या 26 अक्षरांतून पाच अक्षरी गट 1,18,81,376 होतात. किमान दोन अक्षरांचा फरक राखायचा म्हटले तर त्यांतले फक्त 4,56,976 वापरता येतात, म्हणजे सव्वीस गटांतला एक. बाकीचे पंचवीस केवळ चूक पकडण्यासाठी रिकामे ठेवायचे. हा हिशेब अमेरिकन संकेततज्ज्ञ विल्यम फ्रीडमन आणि चार्ल्स मेंडेल्सन यांनी 1932 मध्ये गणिताच्या एका मासिकात मांडला. 1950 मध्ये बेल प्रयोगशाळेच्या रिचर्ड हॅमिंग याने यंत्रांतल्या चुका पकडण्याचे आणि सुधारण्याचे गणित प्रसिद्ध केले, त्याच्या मुळाशीही दोन संकेतांमधले किमान अंतर हीच कल्पना आहे. आज पुस्तकावरच्या आयएसबीएन क्रमांकाचा शेवटचा अंक आधीच्या अंकांवरून काढलेला असतो. आधार क्रमांकाचा बारावा अंकही तसाच, डच गणिती व्हरहूफ याच्या पद्धतीने काढलेला. आधार क्रमांकातला एक अंक चुकला किंवा शेजारचे दोन अंक उलटले तर तो नाकारला जातो. बेंटलेच्या काळातल्या कारकुनाला ज्या दोन चुकांची धास्ती होती, त्याच या.

आकड्यांचा वापर अक्षरांपेक्षा मर्यादित राहिला. मोर्समध्ये प्रत्येक आकड्याला पाच खुणा लागतात आणि आकडा चुकला तर तो चुकला हे पाहून कधीच कळत नाही. आकड्यांशिवाय गत्यंतर नव्हते ते चिनी भाषेला. हजारो चित्राक्षरांची लिपी मोर्समध्ये बसेना, तेव्हा 1870 च्या दशकाच्या सुरुवातीला शांघायमध्ये फ्रेंच अधिकारी व्हिगिए याने प्रत्येक अक्षराला चार आकडी क्रमांक देणारे पुस्तक तयार केले. चिनी माणसाची अगदी साधी घरगुती तारही त्यामुळे नियमाप्रमाणे गुप्त आकडी मजकुरात मोडे आणि तिला त्याचे दर लागत. लिपीमुळे एका संपूर्ण समाजावर लादला गेलेला हा भुर्दंड होता.

तारमास्तरांनी आपापसात बोलण्यासाठी वेगळे संकेत केले, ते ग्राहकांसाठी नव्हते. अमेरिकेत 1859 च्या सुमारास ठरलेल्या यादीत 1 म्हणजे थांबा, 30 म्हणजे संपले, 73 म्हणजे नमस्कार. बिनतारी यंत्रणा आल्यावर वेगवेगळ्या भाषांच्या जहाजांना एकमेकांना विचारता यावे म्हणून 1912 च्या लंडन परिषदेने ‘क्यू’ या अक्षराने सुरू होणारे तीन अक्षरी संकेत मान्य केले. त्यांची खुबी अशी की एकाच संकेताला प्रश्नचिन्ह जोडले की तो प्रश्न होतो आणि नुसता दिला की उत्तर. ‘क्यूआरएम’ म्हणजे माझ्या ऐकण्यात दुसऱ्यांचा अडथळा येतो आहे. प्रश्नचिन्हासह: तुम्हाला अडथळा येतो आहे का? विनंती की विधान, ही संदिग्धता एका खुणेने मिटली. हौशी रेडिओवाले हे संकेत आजही वापरतात.

पहिल्या महायुद्धात व्यापारी संकेतांवर सेन्सॉरची नजर पडली. अर्थ न कळणारी तार हेरगिरीची असू शकते म्हणून खाजगी संकेतांवर बंदी आली आणि ठरावीक छापील पुस्तकांनाच परवानगी मिळाली. युद्धानंतर पुस्तके पुन्हा वाढली. दरांचे नियम 1928 मध्ये ब्रुसेल्सला आणि 1932 मध्ये माद्रिदला पुन्हा बदलले आणि पाच अक्षरी शब्दच कमी दरात मान्य झाला. पण तोवर तारेचा जमानाच ओसरू लागला होता. तिची जागा घेणाऱ्या टेलेक्स या टंकित संदेशांच्या यंत्रणेत आकार शब्दांवर नसे, वेळेवर असे. पूर्ण वाक्य लिहिणे स्वस्त झाल्यावर ते मोडण्याचे कारणच संपले. जुनी पुस्तके रद्दीत गेली.

मुंबईत तारेच्या आकड्यांना एक वेगळाच फाटा फुटला. न्यूयॉर्कच्या कापूस बाजारात उघडताना आणि बंद होताना जो भाव निघे, तो मुंबईत कळवला जाई, आणि त्यातल्या अंकांवर पैसे लावण्याचा जुगार गिरणगावात आणि कापूसबाजाराच्या आसपास फोफावला. एका टोकाला भाव म्हणून निघालेला आकडा दुसऱ्या टोकाला नुसता आकडा म्हणून वाचला जाई. 1960 च्या दशकाच्या सुरुवातीला न्यूयॉर्कचे आकडे बंद झाल्यावर मडक्यातून चिठ्ठ्या काढायला सुरुवात झाली आणि ‘मटका’ हे नाव रूढ झाले. कष्टकऱ्यांची कितीतरी घरे त्याने उद्ध्वस्त केली.

भारतातल्या सामान्य माणसाचा तारसंकेतांशी संबंध आला तो शुभेच्छांच्या तारांतून. एरवी तार म्हणजे घरात धस्स होणे. ‘मदर सीरियस, स्टार्ट इमिजिएटली’ या चार शब्दांत आजार किती आणि मरण किती, हे वाचणाऱ्यानेच ताडायचे असे. आनंदाच्या प्रसंगासाठी तारखात्याने छापील वाक्यांची यादी केली होती आणि प्रत्येक वाक्याला क्रमांक दिला होता. 1 म्हणजे दिवाळीच्या शुभेच्छा, 2 म्हणजे ईद मुबारक, 8 म्हणजे दीर्घ आणि सुखी वैवाहिक जीवनासाठी शुभेच्छा. फॉर्मवर पत्ता, क्रमांक आणि आपले नाव लिहायचे. पलीकडच्या ऑफिसात क्रमांकाचे पूर्ण वाक्य होऊन ते नक्षीदार कागदावर उतरे. या यादीत दोन अक्षरांच्या फरकासारखे कोणतेही संरक्षण नव्हते, एक अंक चुकला की दुसरीच शुभेच्छा जाणार. तरी गोंधळ आवाक्यात राहत असणार, कारण तारमास्तराला दिवस माहीत असत. आश्विन-कार्तिकात 1 येणार आणि लग्नसराईत कार्यालयाच्या पत्त्यावर 8 येणार हे त्याला ठाऊक असे. संकेतातून काढून टाकलेला आधार इथे पंचांग पुरवत होते. मराठी लग्नांतही अशा तारा येत आणि आहेरांबरोबर त्यांची नोंद होई. टेलिफोन घरोघर पोचले, मग मोबाइल आले आणि तारांची संख्या घटत गेली. भारत संचार निगमने 14 जुलै 2013 च्या रात्री शेवटच्या तारा स्वीकारल्या आणि देशातली तारसेवा बंद केली.